वाटप आणि वाटा

एका ग्रामपंचायत सदस्याचा प्रश्न असा: "अपंगांसाठीचा पाच टक्के निधी आम्ही दरवर्षी न चुकता खर्च करतो. गेल्या वर्षी चादरी आणि स्टीलचे डबे दिले, यंदा रोख दिली. तरी वाटपाच्या दिवशी कुरबूर होतेच. तालुक्याच्या मेळाव्यात एक वक्ता म्हणाला की अपंगत्व हा सामाजिक आणि राजकीय प्रश्न आहे. आम्हाला तर तो दवाखान्याचा आणि ज्याच्या त्याच्या नशिबाचा वाटतो. यात राजकारण कुठून आलं?"

प्रश्न प्रांजळ आहे, म्हणून उत्तरही आडपडदा न ठेवता देते. मी स्वतः पोलिओची. उजव्या पायात कॅलिपर, म्हणजे पायाला आधार देणाऱ्या पट्ट्या, डाव्या काखेत कुबडी. गेली अठ्ठावीस वर्षं अपंगांचे दाखले, पेन्शनची प्रकरणं, नोकरीतल्या राखीव जागांचा अनुशेष आणि जमिनीचे वाद यांतच गेली. तुम्ही 'वाटप' हा शब्द अगदी सहज वापरलात, आणि माझं उत्तर त्याच शब्दाभोवती फिरणार आहे. वाटप म्हणजे देणाऱ्याच्या हातातली गोष्ट. काय द्यायचं, कधी, किती, कुणाच्या हस्ते, फोटो कसा काढायचा, हे सगळं तो ठरवतो. वाटा घरातल्या माणसाला असतो आणि तो मागताना आवाज खाली आणावा लागत नाही. आम्हाला वाटप बरंच मिळालं, वाटा मिळायचाय. कुणाला वाटा आणि कुणाला वाटप हे ठरवणं, यालाच तर राजकारण म्हणतात ना?

हे भांडण फार जुनं आहे. मनुस्मृतीच्या नवव्या अध्यायात वारसांचा विषय येतो. तिथे जन्मांध, बहिरा, मुका, वेडा, इंद्रियात उणीव असलेला अशांना वडिलांच्या मालमत्तेत वाटा नाही असं सांगितलंय, आणि लगेच पुढच्या श्लोकात त्यांना यथाशक्ती अन्नवस्त्र द्यावं, न देणारा पतित होतो, असंही बजावलंय. उपाशी ठेवायचं नाही, पण धनीही होऊ द्यायचं नाही. थोरल्या धृतराष्ट्राला डावलून गादी पंडूकडे गेली ती याच न्यायानं. हे पोथीतच राहिलं असतं तर मी उगाळलं नसतं. पण हिंदू कायद्यातली ही बंदी इंग्रजी कोर्टांतही चालत होती. १९२८ साली कायदा करून ती बरीचशी उठवली, तरी जन्मापासून मतिमंद किंवा वेडे असलेल्यांना वगळलंच. पूर्ण उठली ती १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याच्या कलम २८ नं: रोग, व्यंग किंवा विद्रूपता यांमुळे कुणाचाही वारसा बुडणार नाही.

कायदा बदलला, वाड्यातली रीत बदलायला वेळ लागतो. माझ्याकडे आलेल्या वादांतला सगळ्यांत नेहमीचा प्रकार हक्कसोडपत्राचा. तिघं भाऊ, मधला जन्मापासून बहिरा, शाळेत गेलाच नाही. वडील वारल्यावर वर्षभरात त्याला तालुक्याला नेलं, अंगठा घेतला, येताना वडापाव आणि नवा शर्ट दिला. तो खुशीत घरी आला. आपल्या वाट्याची सव्वा एकर भावांना दिली हे त्याला सहा वर्षांनी, त्याच्या बायकोनं सातबारा वाचून दाखवल्यावर कळलं. नोंदणीच्या वेळी खुणांच्या भाषेतलं बोलणारं कुणी तिथे नव्हतं, कुणी मागितलंही नव्हतं. थोरल्याला मी विचारलं तेव्हा तो मनापासून म्हणाला, "मॅडम, आम्ही त्याला काही कमी पडू देतो का?" खोटं नव्हतं ते. अन्नवस्त्र व्यवस्थित चालू होतं.

याच थोरल्या भावाची भाषा पुढे राज्यघटनेतही दिसते, हे लिहिताना मला बरं वाटत नाही, पण आहे तसं आहे. कलम १५ मध्ये धर्म, वंश, जात, लिंग आणि जन्मस्थान यांवरून भेदभाव करायला मनाई आहे. त्या यादीत अपंगत्व नाही. ते आपल्याला भेटतं कलम ४१ मध्ये, बेकारी, म्हातारपण आणि आजारपण यांच्या शेजारी, जिथे राज्यानं आपल्या ऐपतीप्रमाणे साहाय्य करावं असं म्हटलंय. आणि सातव्या अनुसूचीतल्या राज्यसूचीत नवव्या क्रमांकाला विषय आहे तो अपंग आणि नोकरीस अयोग्य व्यक्तींना साहाय्य, असा. अपंग आणि नोकरीस अयोग्य, एका दमात. मी सरकारी नोकरीसाठी पहिल्यांदा मुलाखत दिली तेव्हा समोरच्या साहेबांना ही नोंद माहीत असण्याचं कारण नव्हतं. पण त्यांनी माझे गुण न बघता आधी पाय बघितले, ते त्याच समजुतीनं.

आता पैशाचं. संजय गांधी निराधार अनुदान योजना १९८० सालची. ६०० रुपयांवर ती वर्षानुवर्षं अडकली होती, मग १०००, २०२३ मध्ये १५००, आणि २०२५ मध्ये अपंगांसाठी २५००. त्यासाठी किती मोर्चे निघाले, किती जण तीनचाकीवर बसून जिल्हा कचेरीसमोर उन्हात राहिले, ते आम्हाला माहीत. केंद्राची अपंग पेन्शन महिना ३०० रुपये, तीही अपंगत्व ८० टक्क्यांवर आणि कुटुंब दारिद्र्यरेषेखाली असेल तर. २०१२ पासून आकडा हललेला नाही. राज्याच्या योजनेत अपंगासाठी कुटुंबाच्या उत्पन्नाची मर्यादा वर्षाला ५० हजार, म्हणजे महिन्याला सव्वाचार हजारांच्याही आत. नवरा-बायको दोघं मजुरीला गेली तर ती मर्यादा कधीच ओलांडली जाते. मग काय होतं? तलाठ्याकडून कमी उत्पन्नाचा दाखला आणायचा. म्हणजे अडीच हजारांसाठी आधी सरकारच्या दारात खोटं बोलायचं आणि मग वर्षभर ते पकडलं जाईल म्हणून घाबरून राहायचं. घाबरलेला माणूस ग्रामसभेत उठून प्रश्न विचारत नाही, हा या व्यवस्थेचा अनायास झालेला फायदा.

तुमच्या पाच टक्क्यांचा हिशोब करून बघा. समजा पंचायतीचं घरपट्टी, पाणीपट्टी, गाळाभाडं धरून स्वउत्पन्न ६ लाख. पाच टक्के म्हणजे ३० हजार. गावात अपंग ४०. माणशी साडेसातशे. त्यात चादर येते. आमचं दुखणं त्या साडेसातशेचं नाही, उरलेल्या पंच्याण्णव टक्क्यांचं आहे. समाजमंदिर बांधलंत, त्याला तीन पायऱ्या. सार्वजनिक नळ बसवलात, त्याभोवती उंच कठडा. स्वच्छतागृह बांधलंत, दार अडीच फुटांहून अरुंद, चाकाची खुर्ची आत वळत नाही. शाळेला व्हरांडा दोन फूट उंच. हे सगळं ज्यांच्या पैशातून झालं त्यांत आमचीही घरपट्टी होती. मग वर्षअखेरीस त्याच व्हरांड्यापुढे, पायऱ्यांच्या खाली उभं करून, आम्हाला चादरी देता. ब्रिटनमधल्या अपंगांच्या एका संघटनेनं १९७६ साली हा फरक नेमका मांडला होता: शरीरात उणीव असणं ही एक गोष्ट आणि समाजानं आपल्या बांधणीनं त्या माणसाला अडवणं ही दुसरी. पहिली दवाखान्याकडे जाते. दुसरीचा ठराव तुमच्या मासिक सभेत होतो.

उताराचं एक गणित सांगते, कारण फसवणूक तिथेच होते. जितकी उंची, त्याच्या बारापट लांबी, एवढा सौम्य उतार लागतो. दोन फूट उंच व्हरांड्याला चोवीस फुटांचा उतार. निवडणुकीच्या आदल्या दिवशी आपल्याकडे काय करतात? एक फळी टाकतात, नाहीतर सिमेंटचा पाच-सहा फुटांचा घसरगुंडीसारखा उतार ओततात, फोटो काढून वर पाठवतात आणि रकान्यात 'रॅम्प उपलब्ध' लिहितात. त्यावरून खुर्ची चढवायला दोन तगडे गडी लागतात, उतरवायला देव लागतो. मतदान केंद्रांवर उतार करा, असं सर्वोच्च न्यायालयानं २००४ सालीच सांगितलं होतं. वीस वर्षांनी, २०२४ च्या लोकसभेला, ४० टक्के आणि त्यापुढच्या अपंगांना घरून मत द्यायची सोय झाली. अंथरुणाला खिळलेल्यांसाठी ती चांगलीच आहे. तरी मला तिची थोडी धास्ती वाटते. आम्ही घरी बसून मत दिलं की शाळेच्या पायऱ्या तशाच राहतील, आणि मतदानाच्या रांगेत कुबड्या, काठ्या, खुर्च्या दिसायच्या त्याही दिसेनाशा होतील. मी रांगेत जाते. पाय दुखतात, पण जाते.

कायदा काय म्हणतो? अपंगांच्या हक्कांचा पहिला कायदा संसदेनं डिसेंबर १९९५ मध्ये मंजूर केला. तो सहज आलेला नाही, जावेद आबिदींसारखे कार्यकर्ते तेव्हा दिल्लीत रस्त्यावर होते. त्यात अपंगत्वाचे सात प्रकार आणि सरकारी नोकरीत तीन टक्के. २००७ मध्ये भारतानं संयुक्त राष्ट्रांचा अपंग हक्कांचा करार स्वीकारला, आणि त्याला धरून २०१६ चा कायदा आला: २१ प्रकार, नोकरीत चार टक्के, उच्च शिक्षणात पाच टक्के. या कायद्याचे नियम जून २०१७ मध्ये निघाले आणि त्यापासून पाच वर्षांत जुन्या सार्वजनिक इमारती सुगम, म्हणजे अपंगांना वापरता येतील अशा, करायच्या होत्या. ती मुदत २०२२ मध्ये संपली. तुमच्या ग्रामपंचायतीची इमारत मी पाहिलेली नाही, पण पैज लावायला तयार आहे. सार्वजनिक ठिकाणं सुगम करा, म्हणून एका अंध याचिकाकर्त्यानं २००५ साली सर्वोच्च न्यायालयात धाव घेतली होती. त्याच प्रकरणात नोव्हेंबर २०२४ मध्ये न्यायालयानं म्हटलं की सुगमतेचे नियम नुसते सल्ल्यासारखे आहेत, कायद्याला जे सक्तीचं अपेक्षित होतं ते नियमांनी ऐच्छिक करून टाकलं. एकोणीस वर्षं लागली हे ऐकायला. आणि कायदा मोडल्याची शिक्षा? पहिल्या वेळी दहा हजारांपर्यंत दंड. हातगाडीवाल्याचा माल उचलून नेण्यात आपण याहून जास्त तत्परता दाखवतो.

जे मोजत नाहीत त्यांच्यासाठी कुणी तरतूद करत नाही, हेही इथेच सांगून टाकते. १९९१ च्या जनगणनेत अपंगत्वाचा प्रश्नच नव्हता. आबिदी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी भांडून तो २००१ मध्ये घालायला लावला, तेव्हा देशात २.१९ कोटी अपंग निघाले. २०११ मध्ये २.६८ कोटी, त्यांतले साडेएकोणतीस लाखांहून जास्त महाराष्ट्रात. म्हणजे देशाच्या लोकसंख्येच्या सुमारे सव्वादोन टक्के. जागतिक आरोग्य संघटना म्हणते, जगात दर सहा माणसांत एकाला लक्षणीय अपंगत्व आहे. आपली माणसं एवढी धडधाकट आहेत असं नाही. प्रगणक ओट्यावर उभं राहून विचारतो, "घरात कुणी अपंग?" घरात लग्नाची पोर असते. सासू म्हणते, "नाही बा." मनोरुग्ण मुलगा मागच्या खोलीत असतो, त्याची नोंद 'बेरोजगार' म्हणून होते. २०२१ ची जनगणना झालीच नाही, त्यामुळे २१ प्रकारांचा कायदा आम्ही आठ प्रकारांच्या जुन्या आकड्यांवर चालवतोय.

आता येऊ या दाखल्यावरच्या अपंगत्वाच्या टक्क्यांवर. इथे जरा थांबते, कारण बाहेरच्या माणसाला हे जग माहीत नसतं. आमच्यात दोन माणसं भेटली की पहिला प्रश्न, "तुमचे किती?" उत्तर येतं, "बेचाळीस." "माझे अडतीस, दोनानं गेलं." ४० टक्क्यांची रेघ आहे. वर असलात तर आरक्षण, पेन्शन, सवलती. खाली असलात तर तुम्ही बहुतेक सगळ्या योजनांसाठी धडधाकट. एक डोळा पूर्ण गेला आणि दुसरा चांगला असला तर नियमाप्रमाणे ३० टक्के. त्या पोराला पोलीस भरतीत घेत नाहीत, कारण डोळा नाही. अपंगांच्या कोट्यात घेत नाहीत, कारण टक्के नाहीत. भोसरी-चाकणच्या पट्ट्यात पॉवर प्रेसवर बोटं गेलेली मुलं भेटतात. यंत्राचा सेन्सर बंद केलेला असतो, म्हणजे माल भराभर निघतो. दोन बोटं गेली की काम जातं, आणि सिव्हिल हॉस्पिटलात डॉक्टरांच्या बोर्डासमोर बसलं की टक्के पंधरा-वीस येतात. अपंगत्व नशिबानं येतं असं म्हणालात ना? त्या मुलाची बोटं कशानं गेली ते कारखान्यातल्या सगळ्यांना माहीत असतं.

टक्क्यांची गंमत सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली. महाराष्ट्रातल्या एका विद्यार्थ्याला वाचा आणि भाषेचं अपंगत्व होतं, ४० टक्क्यांच्या थोडं वर. त्या वेळच्या नियमाप्रमाणे अशा अपंगत्वात ४० टक्क्यांच्या खाली असाल तर डॉक्टरकीला प्रवेश मिळेल पण आरक्षण नाही, आणि ४० किंवा वर असाल तर आरक्षणाची पात्रता आहे पण मग डॉक्टरकी शिकायलाच अपात्र. इकडे आड तिकडे विहीर म्हणतात ते हे. ऑक्टोबर २०२४ मध्ये न्यायालयानं सांगितलं की नुसत्या टक्क्यांवरून कुणाला बाद करता येणार नाही, हा माणूस प्रत्यक्षात अभ्यासक्रम करू शकतो का ते तपासणी मंडळानं बघावं आणि तसं लिहून द्यावं. आकड्याऐवजी माणूस बघा, एवढंच. त्याला देशातलं सर्वांत मोठं न्यायालय लागलं.

त्याच वर्षी पुण्यातल्या एका प्रशिक्षणार्थी सनदी अधिकाऱ्याच्या प्रकरणावरून खोट्या दाखल्यांचा गाजावाजा झाला. खोटे दाखले आहेत, मी नाकारत नाही. त्यांनी आमच्याच जागा खाल्ल्यात. पण फेरतपासणीची फर्मानं निघाली तेव्हा रांगेत कोण उभं राहिलं? जन्मापासून पाय नसलेला शिक्षक, 'पाय अजूनही नाहीत' हे सिद्ध करायला. पैसे देऊन दाखला काढणारा तपासणीतूनही पैसे देऊनच सुटतो, हा माझा अनुभव आहे.

सामाजिक बाजू विचारलीत, तर ती मराठीच्या तोंडातच आहे. लंगडी सबब, आंधळा कारभार, बहिरं सरकार, वासरांत लंगडी गाय शहाणी. मी भाषेची पोलीस नाही, माझ्याही तोंडून हे शब्द जातात. पण 'आंधळं दळतं आणि कुत्रं पीठ खातं' या म्हणीकडे एकदा नीट बघा. सगळे त्या बाईला हसतात. जात्यावर बसून पहाटेपासून दळतंय कोण, आणि डोळस माणसं घरात असताना कुत्रं हाकलायला एकही का उठत नाही, हे म्हणीत कुठेच नाही. नावाबद्दल विचाराल तर २०१५ च्या अखेरीस पंतप्रधानांनी 'दिव्यांग' शब्द सुचवला आणि तो सगळ्या फलकांवर चढला. मी अर्जावर तेच लिहिते, बोलताना अपंगच म्हणते. माझ्या पायात दिव्य असं काही नाही, कॅलिपर आहे.

लग्नाच्या जाहिरातीत 'अव्यंग, निर्व्यसनी' हे दोन शब्द जोडीनं येतात, जणू व्यंग हे व्यसनच. सरकारनं २०१४ मध्ये योजना काढली: अव्यंग व्यक्तीनं अपंग व्यक्तीशी लग्न केलं तर ५० हजारांचं प्रोत्साहन. हेतू चांगला असेल. पण त्या मुलीच्या बाजूनं ऐकून बघा: हिच्याशी लग्न केलंस, हे घे नुकसानभरपाई. अपंग बाईच्या शरीराबद्दल दुसऱ्यांनी निर्णय घेणं हे तर आपल्याकडे इतकं मुरलंय की १९९४ साली शिरूरच्या शासकीय वसतिगृहातल्या मतिमंद मुलींची गर्भाशयं पुण्यात शस्त्रक्रिया करून काढली गेली. कारण दिलं स्वच्छतेचं: पाळीच्या वेळी त्यांना सांभाळणं अवघड जातं. महिला संघटना रस्त्यावर आल्या तेव्हा अनेक सुशिक्षित माणसं म्हणाली, "अहो, त्यांच्या भल्यासाठीच आहे." भल्यासाठी घेतलेल्या निर्णयात ज्यांचं भलं व्हायचं त्यांना विचारायची गरज वाटत नाही, ही जागा मला सगळ्यांत धोक्याची वाटते. २०१६ च्या कायद्यात अपंग स्त्रीचा गर्भपात तिच्या संमतीशिवाय करणं हा गुन्हा आहे, गंभीर अपवाद सोडून. आता निदान लिहिलेलं तरी आहे.

मग आम्ही संघटित का होत नाही, असं तुम्ही विचाराल. होतो, पण अडखळत. जात गल्लीत एकत्र राहते, धर्म मोहल्ल्यात. अपंग माणूस मात्र प्रत्येक घरात एकटा असतो, त्याच्यासारखा दुसरा चार गल्ल्या पलीकडे. गावात चाळीस, मतदारसंघात काही हजार, पण विखुरलेले. एकगठ्ठा नाही म्हणून उमेदवाराला हिशोबात धरायची गरज वाटत नाही. अमेरिकेत १९७७ साली अपंगांशी भेदभाव रोखणाऱ्या कायद्याचे नियम निघत नव्हते, तेव्हा शंभरावर अपंग माणसं सॅन फ्रान्सिस्कोच्या सरकारी इमारतीत तीन आठवड्यांहून जास्त ठाण मांडून बसली, कित्येक जण औषधांशिवाय, मदतनीसांशिवाय, आणि नियम घेऊनच उठली. आपल्याकडेही पाण्याच्या टाकीवर चढणं, मंत्रालयावर धडकणं झालंय. महाराष्ट्रात २०२२ मध्ये दिव्यांगांसाठी स्वतंत्र विभाग झाला त्यामागे असली वर्षानुवर्षांची आंदोलनं आहेत.

घरचंही सांगायला हवं. आमच्यात अंधांची संघटना वेगळी, बहिऱ्यांची वेगळी, आम्ही हाडापायाचे वेगळे, आणि मतिमंदांच्या वतीनं त्यांचे आईबाप. आमच्या कितीतरी बैठका पहिल्या मजल्यावर झाल्यात. खुणांची भाषा जाणणारा दुभाषा आम्ही बोलावत नाही, 'खर्च परवडत नाही' म्हणतो. अगदी तेच, जे सरकार आम्हाला म्हणतं. पुढारी बहुतेक पुरुष, बहुतेक पायानं अपंग, कारण मंचावर भाषण करता येतं आणि फोटोत चेहरा नीट दिसतो. ऊसतोडीला जाणाऱ्या कुटुंबातली, कोपीत, म्हणजे तात्पुरत्या झोपडीत, एकटी ठेवलेली सेरेब्रल पाल्सीची (मेंदूच्या इजेमुळे हालचालींवर ताबा नसलेली) मुलगी आमच्या एकाही निवेदनात नव्हती. तिची गावातली पेन्शनही बंद झाली होती, कारण पडताळणीच्या वेळी ती कारखान्यावर होती.

आणि मनोरुग्णांचं तर मतच काढून घेता येतं. सक्षम न्यायालयानं विकल मनाचा ठरवलेल्याचं नाव मतदार यादीत राहू शकत नाही, असं १९५० चा लोकप्रतिनिधित्व कायदा सांगतो. न्यायालयापर्यंत क्वचितच कुणी जातं. घरातलेच म्हणतात, "त्याला काय कळतं मतातलं." जणू बाकीच्या गावाला सगळं कळून बटण दाबायचं असतं.

तर तुम्ही काय करायचं. पाच टक्के निधी बंद करू नका, उलट तो कशावर खर्च करायचा हे गावातल्या चाळीस जणांना बसवून ठरवा. एखाद्याला श्रवणयंत्राचे सेल लागतात, एखादीला शिवणयंत्राला मोटर, दोघांना तालुक्याला डायलिसिसला जायला गाडीभाडं, आणि चादर कुणालाच नको असते. थॅलेसेमिया, सिकलसेल, पार्किन्सन हेही आता कायद्याच्या यादीत आहेत, तेव्हा यादी करताना फक्त काठी-कुबडीकडे बघू नका. मग आराखडा समोर घ्या आणि उरलेल्या पंच्याण्णव टक्क्यांतलं प्रत्येक बांधकाम एकेक करून वाचा. नव्या इमारतीला सुगमता नसेल तर बांधकाम परवानगी आणि पूर्णत्वाचा दाखला देऊ नये, असं २०१६ चा कायदा सांगतो. ठेकेदाराचं शेवटचं बिल काढायच्या आधी एका खुर्चीवाल्याला आत-बाहेर जाऊन यायला सांगा. गाळे आणि जागा देताना कलम ३७ काढून वाचा, योजनांत आणि जागावाटपात पाच टक्के राखीव आहेत, अपंग स्त्रियांना त्या योजनांत प्राधान्य आहे. ग्रामसेवक 'असं काही पत्र आलेलं नाही' म्हणेल. कायद्याला पत्र लागत नाही, हे त्याला गोडीत सांगा.

दोन वर्षांपूर्वी एका गावात मी हेच बोलले होते. तिथले सरपंच तरुण होते, त्यांनी पुढच्या वाटपाला फाटा देऊन गावातल्या अपंगांपैकी जे येऊ शकतील त्यांना कार्यालयात बोलावलं. बावीस आले. कार्यालयाला चार पायऱ्या. सहा जण बाहेरच थांबले, मग सरपंचांनी टेबल आणि इतिवृत्ताची वही बाहेर लिंबाखाली आणली. पहिला ठराव त्या चार पायऱ्यांचा झाला. दुसरा ठराव एका बहिऱ्या बाईचा. ती शेजारणीमार्फत एवढंच म्हणाली की गावात दवंडी देतात किंवा भोंग्यावर पुकारतात, मला ग्रामसभा कधी आहे हेच आजवर कळलेलं नाही. त्यावर सगळे गप्प झाले. आता तिथे ग्रामसभेची नोटीस तिच्या दारावर चिकटवतात, आणि मोबाईलवरही पाठवतात. तुमच्या गावात ती बाई कोण आहे, हे चादरींच्या यादीवरून सापडेल. तेवढ्यापुरती ती यादी कामाची आहे.